तेवीस तारखेचा हात

नुकिना सेइजी खुर्चीत बसला आणि पहिलंच वाक्य बोलला ते असं : "मी इथं आलो होतो हे आमच्या बाईंना कळता कामा नये."

मिनोवा शिझुताई खिडकीतल्या जिझो देवाच्या दगडी मूर्तीपुढचं पाणी बदलत होत्या. ते रोजचं. वाटी भरून हात जोडेपर्यंत त्या कुणाशी बोलत नसत. त्यांचे शोधकामातले सहकारी उसामी, पोस्टातून निवृत्त झालेले, तोवर चहा ओतत राहिले.

"आता सांगा," शिझुताई म्हणाल्या.

नुकिनाच्या बाई म्हणजे कशिवागी तोमोए. यंत्राचं शरीर लाभलेल्या सेत्सु नावाच्या बाईची मांगा, म्हणजे चित्रकथा, त्या अकरा वर्षं काढत होत्या. त्यांचा स्वतःचा उजवा हातही मनगटापासून पुढे यंत्राचा. मूळ हात कारखान्यातल्या अपघातात गेला होता. नुकिना सहा वर्षं त्यांच्याकडे पार्श्वभूमी रंगवायला होता.

गेल्या आठवड्यात बाईंनी शेवटचं प्रकरण दिलं. दुसऱ्याच दिवशी प्रकाशनसंस्थेच्या प्रमुख किरिहाराबाईंच्या टेबलावर एक निनावी पत्र आलं. नुकिनाने त्याची नक्कल पुढे सरकवली.

'कशिवागी यांच्या शेवटच्या प्रकरणातली पानं ३१ ते ३३ त्यांच्या यांत्रिक हाताने एकट्यानेच काढली आहेत. त्या दिवशी तो हात त्यांच्या अंगावर नव्हता. पानांमागची तारीख पाहा, हाताची नोंद पाहा.'

बाई प्रत्येक पानामागे निळ्या पेन्सिलीने तारीख घालत. शेवटच्या तीन पानांवर तेवीस जानेवारी होती. त्या दिवशी नुकिना आईकडे सेंदाईला गेला होता. चोवीसला परतला तेव्हा ती पानं शाईने पूर्ण होऊन दोरीवर वाळत होती.

"करारात एक कलम आहे," नुकिना म्हणाला. "काम माणसाच्याच हातचं हवं. ते मोडलं तर प्रकरण रद्द, आणि सेत्सुची गोष्ट पुढे चालवायचा हक्क संस्थेचा. आज पाच वाजता निर्णय आहे."

"तुमच्या बाई काय म्हणतात?"

"काहीच नाही. किरिहाराबाईंनी सुचवलं होतं, आमच्यासमोर बसून एक चित्र काढून दाखवा, विषय मिटेल. बाई म्हणाल्या, अकरा वर्षं काढूनच दाखवतेय. आता परीक्षेला बसणार नाही."

शिझुताईंनी कोट उचलला.

हात सांभाळणारी ओगाया रिए आपल्या कार्यशाळेत एक यांत्रिक पाऊल सोलून बसली होती. तिने नोंदवही उघडून दाखवली. तेवीसला सकाळी तिने बाईंचा हात काढला, मधल्या बोटाची झिजलेली स्प्रिंग बदलली आणि नवी मुरावी म्हणून तो स्टुडिओतच स्टँडवर चालू ठेवला. दहा ते सात. त्यात हात बाईंच्या जुन्या रेघा आठवून बोटं हलवतो. संध्याकाळी परत येऊन तिने तो बसवला.

"मग चित्र काढलं असेल की त्याने," उसामी म्हणाले.

"कढईत पळी हलली म्हणून रस्सा होतो का, काका?" ओगाया म्हणाली. "पण नोंद खोटी आहे असं मी म्हणणार नाही. हात त्या दिवशी बाईंच्या अंगावर नव्हता."

शिझुताईंनी विचारलं, जुनी स्प्रिंग कुठे आहे? बाईंनी ती मागून घेतली होती, रुमालात बांधून. कशासाठी, ते ओगायाने विचारलं नव्हतं. अपघातानंतर हा हात तयार व्हायला दीड वर्ष लागलं होतं, हेही तिने सांगितलं. त्या दीड वर्षातही बाई कामाशिवाय राहिल्या नव्हत्या. तेव्हा कुठलंसं बालमासिक त्यांनी चालवलं म्हणे.

संपादक होत्ता यांची खोली कागदांनी भरलेली. त्यांनी दुःखी चेहऱ्याने पानांचा गठ्ठा पुढे केला. आपण तर पूर्ण जानेवारीत स्टुडिओकडे फिरकलोही नाही, पाकीट आलं ते कुरियरने, असं ते म्हणाले. त्यांच्या मते बाईंची चूक माफ करण्यासारखी होती, पण नियम तो नियम. आणि सेत्सु मरणार नव्हती. बाईंच्या अकरा वर्षांच्या पानांवर शिकवलेलं एक यंत्र संस्थेकडे तयार होतं.

"म्हणजे यंत्राने काढलं म्हणून बाईंना काढायचं, आणि मग यंत्राकडून काढून घ्यायचं," उसामी म्हणाले. त्यांना खरोखरच नीट समजून घ्यायचं होतं.

होत्तांनी टेबलावरचे कागद सारखे केले.

उसामींना मोजायची सवय. त्यांनी पानं मोजली. एकतीस. शेवटची तीन त्यांनी उजेडात धरली. तपासनाक्यावर पहारेकरी सेत्सुला सांगतो, पट्टीवर हात ठेव, माणूस असल्याचं सिद्ध कर. ती हात खिशात घालते आणि त्याच्या शेजारून चालत निघून जाते. तिथंच गोष्ट संपते.

"सावल्यांच्या रेघा इथं उलट्या झुकल्यात," उसामी म्हणाले. "आधीच्या सगळ्या उजवीकडे कललेल्या, या डावीकडे. वारा फिरलेला दाखवायचा असेल."

शिझुताई भिंतीवरचा पानांचा तक्ता पाहत होत्या. मासिकातलं सुरुवातीचं रंगीत पान वेगळ्या विभागात छापलं जाई, म्हणून ते या गठ्ठ्यात नव्हतं. तक्त्यात त्याच्या दोन बाजूंना एक आणि दोन हे आकडे होते.

"हा तक्ता कोण कोण पाहतं?"

"छपाईला जाईपर्यंत फक्त मी. पाकीट हातात पडलं त्याच दुपारी केला," होत्ता म्हणाले.

स्टुडिओ नेरिमात, एका भाजीवाल्याच्या माडीवर. कशिवागीबाई साठीच्या, किरकोळ, ताठ. त्या एका पत्र्याच्या डबीत वापरून संपलेल्या टाकाच्या निबा निवडत होत्या.

"नुकिनाने पाठवलंय ना तुम्हाला? त्याला खोटं बोलता येत नाही. पोट दुखल्यासारखा चेहरा होतो त्याचा."

शिझुताईंनी मान डोलावली. मेजावर उजव्या हाताला दौतीचं जुनं काळं कडं उमटलं होतं, वर्षानुवर्षांचं. डाव्या हाताला दुसरं कडं होतं, फिकं, ताजं. शिझुताईंनी परवानगी घेऊन डबीतल्या निबा भिंगाखाली पाहिल्या. मग भिंग मिटलं.

"तेवीसला कुणी आलं होतं?"

"दारात मिठाईचा डबा ठेवलेला सापडला. मी आतल्या खोलीत होते. बाहेरच्या खोलीत हात स्टँडवर एकटाच नाचत होता. आलेला माणूस घाबरून पळाला असेल."

"पाचला तुम्ही जाणार?"

"आज आठ फेब्रुवारी. आज मी देवळात हत्यारांचे आभार मानते. ज्याला निकाल द्यायचाय त्याने तिथं यावं."

चार वाजता देवळाच्या अंगणात थंडी होती. लाकडी चौरंगावर टोफूचा मोठा, मऊ चौकोन. वर्षभर कठीण कापडात राबलेल्या सुया इथं मऊ जागेत विसावायला येत. शिवणकाम करणाऱ्या बायका एक एक सुई रोवून निघून गेल्या होत्या. शिझुताईंच्या निरोपामुळे किरिहाराबाई आणि होत्ता आले होते, नुकिना आणि ओगायाही होते.

शिझुताई हळू आवाजात बोलल्या. सगळ्यांना पुढे सरकून ऐकावं लागलं.

"आधी पत्राचं बघू. पत्रात पानं ३१ ते ३३ लिहिलीत. उसामींनी मोजली तेव्हा पानं एकतीसच होती. स्टुडिओत तीच तीन पानं २९ ते ३१ आहेत. तेहतीस नावाचं पान जगात एकाच ठिकाणी आहे. होत्तासाहेबांच्या भिंतीवरच्या तक्त्यात, रंगीत पानाच्या दोन बाजू धरून. आणि तो तक्ता त्यांच्याशिवाय कुणी पाहिलेला नाही."

किरिहाराबाईंनी होत्तांकडे पाहिलं.

"रोजच्या सवयीने आकडे लिहून गेलात तुम्ही," शिझुताई म्हणाल्या. "हात बाईंच्या अंगावर नाही हे तुम्हाला माहीत होतं, म्हणजे मिठाई घेऊन तेवीसला तुम्हीच आला होतात. हात स्टँडवर पाहिलात. पुढे पानांमागची तारीख पाहिलीत आणि संधी दिसली. गोष्ट बाईंच्या हाताबरोबर संपणार होती. तुम्हाला न संपणारी गोष्ट हवी होती."

होत्ता म्हणाले, "पत्र मी लिहिलं असेन. पण मजकूर खोटा आहे का? हात तिच्या अंगावर नव्हता. मग पानं कुणी काढली?"

"ते सांगू नका," कशिवागीबाई म्हणाल्या.

शिझुताईंनी त्यांच्यापुढे मान लववली. "माफ करा बाई. न सांगितलं तर सेत्सु यांच्या ताब्यात जाईल." मग त्या किरिहाराबाईंकडे वळल्या. "उजव्या हाताने ओढलेल्या रेघा एका बाजूला कलतात, डाव्या हाताच्या दुसऱ्या. शेवटच्या तीन पानांतल्या रेघा उलट्या आहेत. यंत्राच्या हाताने काढल्या असत्या तर जुन्याच बाजूला कलल्या असत्या, त्याला तेवढंच आठवतं. डबीतल्या सगळ्या निबा एका अंगाने झिजल्यात, तीन मात्र दुसऱ्या अंगाने. त्या दिवशी दौतही डावीकडे होती. यांत्रिक हात तयार व्हायला दीड वर्ष लागलं, त्या दीड वर्षात या बाईंनी डाव्या हाताने बालमासिक चालवलं. तेवीसलाही त्यांनी तेच केलं."

उसामींना उशिरा उमगलं. "म्हणजे यंत्राची म्हणून पकडलेली तीन पानं... तेवढीच हाडामांसाची?"

"हो."

नुकिनाच्या डोळ्यांत पाणी आलं. "बाई, मग बोललात का नाही? एका वाक्यात सुटला असतात."

कशिवागीबाईंनी यांत्रिक हाताची बोटं उघडली, मिटली. नवी स्प्रिंग किंचित कुरकुरली.

"सुटले असते, आणि बाकीची अकरा वर्षं अडकली असती. ती तीन पानं डाव्या हाताची म्हणून शुद्ध, तर या हाताची हजारो पानं काय मग? एक हात वाचवायला दुसऱ्याला आरोपी करू? ज्याने राबून माझं पोट भरलं त्याला?"

किरिहाराबाई हळूच म्हणाल्या, "कशिवागीबाई, प्रकरण छापू. होत्तांचं मी बघते. फक्त खाली एक ओळ टाकू या, शेवटची पानं डाव्या हाताने काढलेली आहेत. लोकांची शंका मिटेल."

"एक ओळसुद्धा नाही. माझं नाव आहे तेवढं पुरे. नाहीतर पानं परत द्या, मी भाजीवाल्याच्या भिंतीवर चिकटवीन."

किरिहाराबाईंनी पिशवीतून करार काढला, हातच्या कामाच्या कलमावर पेनने आडवी रेघ मारली आणि खाली सही केली. होत्ता आधीच फाटकाबाहेर गेले होते.

कशिवागीबाई चौरंगापुढे गुडघ्यांवर बसल्या. यांत्रिक बोटांनी त्यांनी निबा एक एक करून टोफूत रोवल्या. एका अंगाने झिजलेल्या, दुसऱ्या अंगाने झिजलेल्या, सगळ्या एकाच ओळीत. शेवटी रुमालाची गाठ सोडून मधल्या बोटाची जुनी स्प्रिंग काढली आणि ती त्यांच्यामध्ये, सगळ्यांत मऊ जागी ठेवली.

मग दोन्ही हात जोडले.