शीतगृहातला हुंकार

एकोणीस जानेवारी, सोमवार. दिवसभर मळभ होतं, संध्याकाळी वारा साफ पडला. रात्री दिवे गेले म्हणून सगळे गच्चीवर येऊन बसले आणि भाचेमंडळींनी मामांना घेरलं.

"भुताची सांगा मामा. पण खरी. नाहीतर मागच्यासारखी शेवटी मांजर निघायची."

"मांजर नाही," मामा म्हणाले. "माझ्या चांगल्या ओळखीचा माणूस आहे. आम्ही त्याला किस्सेराव म्हणायचो. भयकथा रेकॉर्ड करायचा, लोक फोनवर ऐकायचे. प्रत्येक गोष्ट म्हणे त्याच्यावरच बेतलेली!"

तर एका रात्री किस्सेराव घरून निघाला तो एका दाराच्या आवाजासाठी. गावाबाहेरच्या रस्त्यावर बटाटे साठवायचं एक शीतगृह होतं, कैक वर्षं बंद पडलेलं. त्याचं ते जाडजूड दार मिटतानाचा आवाज त्याला हवा होता. कारण त्याची सगळ्यात गाजलेली गोष्ट तिथलीच. रात्रभर शीतगृहात अडकलो आणि सुटलो, ही.

"खरंच अडकला होता?" धाकट्या भाचीनं विचारलं.

"तो कसला अडकतोय! अडकली होती तिथं बटाटे निवडणारी एक बाई. किस्सेरावाची आई दवाखान्यात होती, तेव्हा ही शेजारच्या खाटेवर. तिनं त्याला सांगायला घेतलं. मधूनमधून म्हणायची, 'हं म्हण रे बाबा, नाहीतर मला वाटतं झोपलास.' दार लागलं, दिवे गेले, आणि पोत्यांमागून कुणीतरी खोकलं… इथवर ती आली आणि ह्याचा फोन वाजला. 'आलोच मावशी' म्हणून उठला तो गेलाच. दुसऱ्या दिवशी खाट रिकामी. बाई गेली होती."

"मग?"

"मग काय! तिच्या 'मी गेले'चं ह्यानं 'मी गेलो' केलं. सळईनं बिजागरी उचकटून सुटलो, असा पदरचा शेवट जोडला आणि दिली ठोकून. पुढं तीच गोष्ट एका कुलपाच्या जाहिरातीला विकली. बाईच्या मुलीनं फोन केला, 'दादा, ती आईची गोष्ट आहे हो. निदान तिला त्यात राहू द्या.' तर हा म्हणतो, 'ताई, भांड्यावर घालतात तसं नाव घातलेलं असतं का गोष्टीवर?'"

तर त्या रात्री शीतगृहाच्या चौकीदारानं कुलूप काढून दिलं, "आटपलं की दार ओढून घ्या साहेब" म्हणाला आणि फेरीला गेला. किस्सेराव आत शिरला. कोपऱ्यात जुनी पोती पडली होती. त्यांतल्या एकावर त्यानं रेकॉर्डर ठेवला आणि दार ओढलं. धप्प! अगदी मनासारखा आवाज. मग लोभ सुटला. आणखी एकदा घेऊ, आणखी एकदा. शेवटचं ओढलं आणि बाहेर खट् झालं.

दार मिटलेलं पाहून, साहेब गेले असं समजून चौकीदार कुलूप घालून निघून गेला होता.

किस्सेरावानं हाका मारल्या. भिंतींनी गिळल्या. फोनला रेंज नाही. सकाळी उघडेल, त्यानं मनाला समजावलं. पण गारठा वाढत होता. तिथली वीज कधीच तोडलेली, यंत्रं गंजलेली, तरी तळव्यांतून गारठा वर चढत होता. धीर यावा म्हणून तो मोठ्यानं आपली पाठ झालेली गोष्ट म्हणायला लागला.

"मी आत गेलो… दार लागलं… दिवे गेले…"

"हं."

पोत्यांमागून.

तो दाराला पाठ लागेपर्यंत मागं सरकला.

"मग?"

बाईचा आवाज. थकलेला. ऐकलेला.

त्यानं पुढचं सांगितलं. दर वाक्याला "हं". तो सळईपाशी आला. बिजागरीपाशी आला…

"नाही."

…

"असं नाही झालं."

त्यानं दुसरा शेवट सांगितला. नाही. तिसरा. नाही. गारठा गुडघ्यांवर आला. कमरेवर आला. खरा शेवट सांगितल्याशिवाय सुटका नव्हती. आणि खरा शेवट त्याला ठाऊक नव्हता.

"मावशी…" त्याचे दात वाजत होते. "गोष्ट तुमची आहे. पुढचं मला माहीत नाही. मी… ऐकायला थांबलो नाही."

एक पोतं सरकलं. कुणीतरी त्याच्या शेजारी येऊन टेकलं.

"मी आत गेले…"

आणि किस्सेराव म्हणाला, "हं."

मामा थांबले. धाकटी भाची सरकून त्यांना चिकटून बसली.

"शेवट काय होता, मामा?"

"मला नाही सांगितला त्यानं. 'माझा नाही तो' म्हणाला."

"पण सुटला ना?"

"उजाडायच्या आत चौकीदार पुन्हा फेरीला आला. किस्सेराव दाराबाहेर पायरीवर बसला होता. ओठ निळे. दाराला कुलूप तसंच. किल्ली चौकीदाराच्या खिशात. चौकीदारानं विचारलं, 'साहेब, परत कधी आलात?' हा बोलेना. नुसतं दाराकडं बोट. चौकीदारानं दाराला कान लावला. आत कुणीतरी थांबून थांबून 'हं' म्हणत होतं. किस्सेरावाचाच आवाज."

"रेकॉर्डर चालू राहिला असेल!"

"रेकॉर्डर किस्सेरावाच्या मांडीवर होता. बंद."

"मग?"

"चौकीदारानं कुलूप काढलं, बॅटरी मारली. आत कुणी नव्हतं. हुंकार उजाडेपर्यंत येत राहिला."