जानेवारीतला नकार

या, जरा जवळ सरकून बसा. नामस्मरण झालं, आता घटकाभर प्रेमाची गोष्ट ऐका. प्रेम तरी कुणाचं, त्याचंच की!

चंदीगडला सेक्टर ४३च्या स्टँडवर, मार्चातल्या एका शनिवारी, पिंजौरची बस एका तरुणाच्या नाकासमोरून निघून गेली. तो हात जोडून म्हणाला, "जा बाई, जा! तुझं कुठं अडलंय माझ्यावाचून?" मागे उभी चारुशीला खुदकन हसली. ती मोहालीत आयटीत, आणि तो, अंबरीश, पिंजौरच्या कारखान्यात. परमुलखात मराठी कानावर पडली की पाय थबकतात... दोघांचेही थबकले. मग दर शनिवारी थबकू लागले. आल्याचा चहा, दोघांत एक खुसखुशीत खारी मठ्ठी, आणि न संपणारं बोलणं. मनातलं मात्र कुणीच बोललं नाही.

आठ महिने गेले. आज अंबरीश बदली होऊन पुण्याला निघाला होता. दिल्लीच्या बसपाशी बॅग ठेवत तो म्हणाला, "एक सांगू? तुम्ही मला जानेवारीतच नाकारलंय."

"मी?"

त्यानं फोन पुढे केला. लग्नाच्या ॲपवर तिचाच फोटो, आणि त्याच्या मागणीखाली उत्तर – 'पत्रिका जुळत नाही. क्षमस्व.'

चारुशीलेनं कपाळाला हात लावला. "अहो, ते खातं आई चालवते, साताऱ्याहून! मी उघडूनसुद्धा पाहिलं नाही कधी. तुम्ही ओळखलंत केव्हा?"

"पहिल्याच दिवशी."

"आणि इतके दिवस गप्प?"

"एकदा नकार मिळालाय जी... पुन्हा विचारायचा धीर होईना."

तिच्या आजीनं आजोबांना पाहिलं ते अंतरपाट सरल्यावर. आईनं बाबांना पाहिलं पोह्यांच्या बशीआडून. आणि हिच्यासमोर माणूस आठ महिने चहा फुंकत बसला होता, तरी...

"दिल्ली, दिल्ली! चलो जी!" कंडक्टर ओरडला. अंबरीश चढला. दार लागलं.

चारुशीला धावली. खिडकीच्या काचेवर टकटक केली. काच सरकली.

"नकार आईचा होता. मला अजून कुणी विचारलंच नाही!"

"मग... विचारू?"

"विचार ना! बस सुटतेय, यार!"

"माझ्याशी लग्न करशील?"

"हो... पक्का!"

बस वळली. दिसेनाशी होईपर्यंत त्याचा हात खिडकीबाहेर हलत होता. स्टँड एकदम ओका ओका झाला. डोळे पुसत तिनं फोन लावला.

"आई, त्या खात्याचा पासवर्ड दे गं. एक उत्तर बदलायचंय."

तर मंडळी, उद्या फोनवर एखादा चेहरा बोटानं बाजूला साराल, तेव्हा क्षणभर थांबा, आणि काचेवर टकटक करणाऱ्या आमच्या चारुशीलेला आठवा.