बाटल्यांची किनार

"मी त्याला सोडणार नाही," जयवंती म्हणाली आणि लडक्याच्या पायाची पट्टी तिने जरा जास्तच आवळली. बिचारा कळवळला.

तेरा वर्षांच्या जयवंतीचा राग अख्ख्या वेवजी गावाला ठाऊक होता, पण या वेळी तो अगदी रास्त होता. दिवाळीची सुट्टी लागली होती, भात पिकून पिवळं झालं होतं आणि कापणीच्या पहिल्याच सकाळी तिच्या धाकट्या भावाच्या, लडक्याच्या तळव्यात काच घुसली. शेतात दारूच्या बाटल्या पडल्या होत्या, काही अख्ख्या, काही फुटक्या. कापायला आलेल्यांनी विळे खाली ठेवले. दाणे झडायला लागले आणि तिची आई, बायजी, बांधावर डोकं धरून बसली.

मनिष आणि संगिता ही शेजारची भावंडं माग काढायला निघाली. फार शोधावं लागलं नाही. हातगाडीच्या चाकांच्या खुणा बांधावरून थेट नविनशेठच्या फार्महाऊसच्या मागच्या फाटकाशी जात होत्या. शेठ राहायचा सीमेपलीकडे गुजरातेत, वापीला; तिथे दारूबंदी. शनिवारी मित्रांना घेऊन इथे यायचा आणि रात्रभर धिंगाणा घालायचा.

जयवंतीने त्याला फार्महाऊसवरच गाठून सरळ विचारलं. त्याने मोबाइलमधून मानसुद्धा वर केली नाही.

"सीमेपलीकडून सगळेच इकडे प्यायला येतात. बाटल्या माझ्याच कशावरून? आणि शेतात चपला घालून फिरा ना."

घ्या! म्हणे चपला घालून भात कापा! जयवंती घरी येईपर्यंत धुमसत होती.

आणि संधी स्वतःच्या पायांनी चालत आली. फार्महाऊसचा राखणदार काकड्याकाका गवंडी शोधत फिरत होता. रविवारी शेठचे वडील पूजेला येणार होते. म्हातारबाबा भलतेच कडक, दारूचा वाससुद्धा खपवून घ्यायचे नाहीत. त्याआधी फाटकापासून ओट्यापर्यंतच्या बागेतल्या वाटेला किनार लावायची होती आणि गवंडी तर दिवाळीला गावी गेलेला. "आम्ही लावतो की," जयवंती गोड आवाजात म्हणाली. काकाने शेठला फोन लावला. काहीही लावा, पण छान दिसलं पाहिजे, एवढं बोलून शेठने फोन ठेवला.

मनिष म्हणाला, नदीतले गोटे लावू. संगिताला बांबूच्या कामट्या हव्या होत्या, पण त्यांना वाळवी लागली असती. जयवंतीने शेताकडे बोट दाखवलं. सगळ्यांत मोठ्याने लडक्या हसला.

हाताला गोणपाट गुंडाळून त्यांनी शेतातल्या अख्ख्या बाटल्या वेचल्या आणि माती भरून घट्ट केल्या. लेबलं कुणीच खरवडली नाहीत. वाटेच्या दोन्ही कडांना दोरी ताणली, अर्धी वीत खोल चर खणला, बाटल्या उलट्या, तोंड खाली करून चिकटून उभ्या केल्या, फळी ठेवून उंची सारखी केली आणि माती ठोकून बसवली. ओट्याजवळचा थोडा चर मात्र जयवंतीने मुद्दाम रिकामा ठेवला.

रविवारी नविनशेठबरोबर त्याचे वडील, बापूजी, गाडीतून उतरले. हिरवी-तपकिरी बुडं उन्हात चमकत होती. "वा, काय सुरेख!" म्हणत ते खाली वाकले आणि लेबल वाचून सावकाश उभे राहिले.

नविनशेठचा चेहरा उतरला. "गावातला कचरा आहे, बापूजी. या पोरांनी कुठूनतरी आणला."

जयवंती याचीच वाट पाहत होती. "काका," तिने हाक मारली, "ओट्याजवळ थोड्या कमी पडल्यात. आणखी आहेत का?"

काकाला वाटलं, हे सगळं शेठच्याच सांगण्यावरून चाललंय. "आहेत की. गेल्या शनिवारचं पोतं भरलेलंच आहे. आज शेतात टाकणारच होतो," म्हणत त्याने पोतं ओढत आणलं आणि बापूजींच्या पायाशी खळ्ळकन ओतलं.

बापूजींनी लडक्याची पट्टी पाहिली, जयवंतीकडून सगळं ऐकून घेतलं आणि मुलाकडे वळले.

"पूजा थांबेल. आधी हिच्या आईचं शेत साफ कर. तू स्वतः."

रेशमी कुर्त्यातला नविनशेठ दुपारभर भातात वाकून काचा वेचत होता. बापूजी बांधावर बायजीशेजारी बसले होते. तुमची पोरगी खमकी आहे, असं त्यांनी दोनदा सांगितलं. बायजीने विळ्याला धार लावायला घेतली.

शेठने कंबर धरत विचारलं, झालं ना आता?

जयवंतीला तेव्हाही दया आली नाही. "तो कोपरा राहिलाय, शेठ," ती म्हणाली.

शेठ मुकाट्याने पुन्हा वाकला.