झाकणाच्या आतली बाजू

९:४० स्टेशनवर स्वागत. आमची हसतमुख मार्गदर्शक आपली वाट पाहत असेल.

हे पत्रक मी लिहिलं आहे. "हसतमुख" हा शब्द नंतर पर्यटन कचेरीने घातला.

त्या दिवशी सात पाहुणे उतरले. सेंदाईचं एक चालण्याचं मंडळ, सगळे साठीच्या पुढचे, सगळ्यांच्या डोक्यावर एकसारख्या तपकिरी टोप्या. बोलायचं काम ओगासावारासान करत होते. निवृत्त शाळामास्तर. त्यांची बायको सुमिएसान त्यांच्या मागे अर्धं पाऊल ठेवून चालायची आणि ते काही बोलले की "अहो, पुरे" म्हणायची. दिवसभरात चाळीस वेळा तरी म्हणाली असेल.

गाडीत बसताना ओगासावारासाननी माझी पिशवी उचलायचा प्रयत्न केला.

"एवढी जड? दिवसाच्या सहलीला काय घेऊन निघालात, चिझुरुसान?"

"रात्री तालुक्याला राहणार आहे. उद्या सकाळी काम आहे."

काम कौटुंबिक न्यायालयात होतं. पिशवीत दोन कपडे, अर्ज आणि सहीच्या जागी उठवायचा माझा शिक्का. तामोत्सु, माझा नवरा, सात वर्षांपूर्वी ऑक्टोबरच्याच एका सकाळी अळंबी गोळा करायला डोंगरावर गेला, तो परत आला नाही. सात वर्षं झाली की कायद्याने माणूस मेला असं लिहून मिळतं, फक्त अर्ज करावा लागतो. त्यानंतर मी मोरिओकाला बहिणीच्या जेवणाच्या डब्यांच्या दुकानात जाणार होते. वरची खोली तिने रिकामी करून ठेवली होती.

१०:३० पायऱ्यापायऱ्यांच्या शेतांतून फेरफटका. वाटेत तीन रम्य वळणे.

वळणं रम्य नाहीत, आंधळी आहेत. आरसे लावलेत, तरी आमचा ड्रायव्हर हानझावा प्रत्येक वळणावर एक लांब हॉर्न देतो. आमच्या घरातून तिन्ही हॉर्न ऐकू येतात. जाताना आधी जवळचा, मग मधला, मग नदीकाठचा. तिसरा ऐकला की सासूबाई "पोचले" म्हणतात आणि भांडी घासायला बसतात.

भात कापून झाला होता. पेंढ्या बांबूंवर उलट्या टांगलेल्या. पाहुण्यांनी फोटो काढले. डोंगराकडे बोट दाखवून ओगासावारासाननी विचारलं, "तिथे मैताके अळंबी मिळते म्हणे?"

"मिळते. कुठे ते कोणी सांगत नाही."

"बायकोलासुद्धा नाही?"

"बायकोला नाही, आईला नाही. मरताना मुलाला सांगतात. काही तेव्हाही सांगत नाहीत."

ते मोठ्याने हसले. मी पण हसले, पत्रकात लिहिल्याप्रमाणे. तामोत्सुने जागा सांगितली असती तर त्याला शोधणारी चाळीस माणसं सहा दिवस चुकीच्या उतारावर फिरली नसती.

१२:०० किनुए आजींसोबत स्वयंपाक. (आजींचे वय ८१. कृपया त्यांच्याशी मोठ्याने बोलावे.)

मोठ्याने बोलायची काही गरज नाही. सासूबाईंना सगळं ऐकू येतं. कंसातलं वाक्य त्यांनीच घालायला लावलं. लोक मोठ्याने बोलले की खरं बोलतात, असं त्यांचं म्हणणं.

"मास्तर ना तुम्ही? मग त्या अक्रोडांना मारताय कशाला? वाटा, वाटा. पोरांनाही असंच बदडायचात?"

"आजी, माझी पोरं आता डॉक्टर आहेत."

"असतील. अक्रोड नाही झाले, हे नशीब."

सगळे हसले. चुलीभोवती भाताचे गोळे काठीवर भाजत होते, त्यांना अक्रोडाची पेस्ट फासायची. मोठ्या पातेल्यात कोंबडी, अळकुड्या, मुळा, मैताके असा रस्सा. मी सात वर्षांत अळंबी खाल्लेली नाही. सासूबाई माझा रस्सा वेगळ्या लहान पातेल्यात करतात, न सांगता.

सुमिएसानने कोनाड्यापुढचं लहान तबक पाहिलं.

"हे कोणाचं?"

"बाहेरगावी गेलेल्याचं," सासूबाई म्हणाल्या. "माझ्या मुलाचं. घरचा माणूस लांब असला की त्याच्यासाठी वाढून ठेवायचं. म्हणजे तो असेल तिथे उपाशी राहत नाही. तुमच्याकडे नाही करत?"

"माझी आजी करायची, युद्धात." सुमिएसान हळूच म्हणाली. "वाटीचं झाकण बघायची ती."

"बघायचंच. आतून ओलं असलं तर तो धडधाकट. कोरडं निघालं, तर…" सासूबाईंनी बोटांवरची अक्रोडाची पेस्ट चाटली. "माझं कधी निघालं नाही."

तबकाचं तोंड नेहमीप्रमाणे डोंगराकडे होतं. माणूस ज्या दिशेने गेला, त्या दिशेने मांडतात.

आता आदल्या रात्रीचं सांगायला हवं. रोज जेवणानंतर सासूबाई ते झाकण उचलून मला दाखवायच्या. सात वर्षं मी मान डोलावली. त्या रात्री बोलून बसले.

"आई, कढत रस्सा घातला की कोणाचंही झाकण ओलंच होणार."

त्या चिडल्या नाहीत. म्हणाल्या, "मग उद्या तू वाढ. थंडगार वाढ. झाकण कोरडं निघालं तर मी स्वतः तुझ्याबरोबर न्यायालयात येते. ओलं निघालं तर तो शिक्का पिशवीतून बाहेर काढायचा."

मी हो म्हटलं. मला वाटलं, म्हातारीनेच शेवटी सुटकेची वाट काढून दिली.

१:१५ भोजन.

कालचा शिळा भात. झऱ्याच्या पाण्यात तासभर ठेवलेला थंड रस्सा. वाटी आणि झाकण मी माझ्या नव्या रुमालाने पुसलं, उजेडात धरून पाहिलं, झाकण लावलं आणि तबकाला गुडघा टेकवूनच बसले. सासूबाई पूर्ण वेळ चुलीपलीकडे होत्या. एकदाही उठल्या नाहीत. मी तिथे होते तोवर त्यांच्या हातांवरची नजर काढली नाही.

पाहुण्यांना रस्सा त्यांनी वाढला, कढत. लाखेच्या वाट्या, वर झाकणं. इथे मी दर वेळी एक गोष्ट शिकवते: वाफेने झाकण घट्ट बसतं, ओढू नका, वाटीचा काठ दोन्ही बाजूंनी हलकेच दाबा, सुटेल. लोकांना गंमत वाटते.

"आमची तर आपोआप सुटली," ओगासावारासान म्हणाले.

सगळ्यांचीच सुटली होती. मी म्हटलं, वाट्या जुन्या झाल्यात.

एक वाटी झाकून हानझावाला गाडीत नेऊन दिली. तो स्टिअरिंगवर वर्तमानपत्र पसरून बसला होता. झाकण उचलून बाजूच्या सीटवर टाकलं त्याने. उलटं पडलं. तेव्हा मी नीट पाहिलं नाही. पाहिलं होतं. नीट नाही.

परत आले तेव्हा सासूबाई जागच्या हलल्या नव्हत्या. सुमिएसानला विचारलं, कोणी तबकाजवळ आलं होतं का? "कोणी नाही हो. आम्ही सगळे खातोय बघा."

मी झाकण उचललं.

थेंब. नुसता ओलावा नाही, टपोरे थेंब, इतके की झाकण तिरपं केल्यावर ते एकमेकांत मिसळून माझ्या मनगटावर ओघळले. गार होते. खाली रस्सा तसाच, वर गोठलेली चरबी.

"पाहिलंस?" सासूबाई म्हणाल्या. बस, एवढंच.

मला राग आला. युक्ती कुठे आहे ते मी शोधत होते. कोनाड्याचं छत पाहिलं, कोरडं. रुमाल हुंगला.

"दाखवा, दाखवा!" ओगासावारासान गुडघ्यांवर सरकत आले. "अरे वा, मुलगा ठणठणीत आहे की तुमचा! आता आमची परीक्षा होऊ द्या. मंडळी, झाकणं उलटी करा!"

"अहो, पुरे."

"थांब गं. हे माझं… हे काय? कोरडं. गेलो म्हणायचा मी! सुमिए, विम्याचे कागद कपाटात वरच्या कप्प्यात आहेत हं."

हशा पिकला. मग दुसऱ्या कोणीतरी आपलं झाकण उलटं केलं. मग तिसऱ्याने.

हसू टप्प्याटप्प्याने कमी झालं.

सात वाट्यांतून अजून वाफ येत होती. सात झाकणांची आतली लाल लाख आरशासारखी लखलखीत. सुमिएसान आपल्या झाकणावरून बोट फिरवत राहिली, पुन्हा पुन्हा. बोट कोरडं.

सासूबाईंची वाटी चुलीजवळ होती. त्यांचं झाकण ठिबकत होतं.

२:३० चहा आणि मुक्त गप्पा.

गप्पा झाल्या नाहीत. मी सासूबाईंना मोरीपाशी गाठलं.

"झाकणांना काय लावलंत?"

"काय लावणार?"

"मी जाऊ नये म्हणून लावलंत."

"तू जाऊ नयेस असं मला वाटतंच," त्या म्हणाल्या. "पण ते मास्तर जाऊ नयेत असं वाटायला ते माझे कोण लागतात?"

त्यांनी धुतलेली झाकणं एकेक करून मला दिली. मी हुंगली, नखाने खरवडली. लाखेचाच वास.

माझी वाटी मी अजून उघडली नव्हती. गाइड शेवटी जेवते. ती लहान पातेल्याशेजारी झाकलेली होती. तिच्याकडे पाहायचं मी टाळलं.

२:५५

हे पत्रकात नाही. मी पाहुण्यांना म्हटलं, थोडा वेळ थांबू या, रस्ता आज ओला आहे.

ओगासावारासान बाहेर पाहून आले. "ऊन पडलंय की, चिझुरुसान."

मी म्हटलं, पुढच्या गाडीने जाता येईल.

"आमची आसनं राखीव आहेत. तुम्ही त्या झाकणांचं मनावर घेतलंत होय? अहो, मी चाळीस वर्षं विज्ञान शिकवलं. थंड हवा, जाड लाख, काहीतरी असतंच कारण."

कारण असतंच. मीही तेच म्हणत आले होते. मी हानझावाकडे गेले. ब्रेक पाहिलेस का? तो हसला. "ताई, सकाळीच तर पाहिले. झालंय काय तुम्हाला?" बाजूच्या सीटवर त्याचं झाकण होतं. मी उचलून घेतलं आणि खिशात टाकलं.

याहून जास्त काय बोलायचं? काय सांगून थांबवायचं आठ माणसांना? मी विचार केला. खरंच केला.

३:१० निरोप. किनुए आजी रस्त्यापर्यंत येऊन हात हलवतात.

आज त्या आल्या नाहीत. पाहुणे गाडीत चढले. मी पिशवी घ्यायला घरात गेले.

सासूबाई तबकं मांडत होत्या. सणावाराला काढतात ती, कापडात गुंडाळलेली. एका ओळीत नऊ, सगळ्यांची तोंडं खाली रस्त्याकडे. प्रत्येकावर वाटी, वाटीत रस्सा. शेवटची तेवढी झाकलेली होती, लहान पातेल्याशेजारची, माझी.

गाडीचा हॉर्न वाजला. मला बोलावत होता.

मी पिशवी उचलली. मग ठेवली. दारातूनच ओरडले, "तुम्ही व्हा पुढे. आईंना बरं नाही. मी उद्या जाईन."

"काळजी घ्या!" ओगासावारासानचा आवाज. "रस्सा फर्मास होता!" आणि काचेआड सुमिएसानचं तोंड. ती हात हलवत नव्हती. ती माझ्याकडे नुसती पाहत होती.

मी आत आले.  सासूबाईंनी शेवटचं तबक उचललं, वाटी माझ्या हातात दिली, तबक परत कापडात गुंडाळलं. मी काठ दाबला. झाकण घट्ट बसलं होतं, सुटताना चक् असा आवाज झाला आणि पाणी माझ्या तळहातावर सांडलं.

शिक्का मी पिशवीतून काढून कोनाड्यापुढे ठेवला.

ओळीत आठ उरली होती.

पहिल्या वळणाचा हॉर्न आला. लांब, नेहमीसारखा.

दुसऱ्याचा आला.

आम्ही दोघी बसून राहिलो. चुलीतलं लाकूड खचलं. नदीचा आवाज येत होता, तो एरवीही येतो.

मग सासूबाई उठल्या आणि आठही वाट्यांवर एकेक करून झाकण ठेवत गेल्या. आठवीपाशी थांबून त्यांनी माझ्यापुढे हात पसरला, आणि मी खिशातलं झाकण काढून दिलं.