लेण्यातला वन्समोअर

ही गोष्ट घडलेली आहे. कळंबच्या सयाजीने पेटीवर हात ठेवून सांगितलीय, आणि पेटीवर हात असताना तो खोटं बोलत नाही...

फार तर बेसूर होतो.

१९९८. मार्चमधली भर दुपार. लेण्याद्रीच्या डोंगरातलं एक बाजूचं, ओस लेणं.

सयाजी तमाशात पेटीमास्तर. त्याला पहिलावहिला सिनेमा मिळाला होता. चाल बांधायला निवांत जागा म्हणून तो इथे आला.

चाल जमली. शेवटचा सूर दगडात विरला...

आणि आतल्या अंधारातून आवाज आला.

"वन्समोअर!"

आत कुणीच नव्हतं.

पण तमाशातला माणूस वन्समोअर नाकारत नाही. त्याने पुन्हा वाजवलं.

"वन्समोअर!"

दिवस कलेपर्यंत हेच.

मग आवाज थांबला... बोटं थांबली नाहीत.

मुंबईत विरहगीताला बसला. तीच चाल. बारशाचं गाणं. तीच. पाठलागाचं संगीत... तीच, जरा घाईत.

सिनेमा चालला! आठ वर्षांत अकरा सिनेमे, चाल एक. कुणाच्या लक्षात आलं नाही, हे जास्त भयानक.

२००६ साली एका दिग्दर्शकाच्या आलं. "मास्तर, सोमवारी नवी चाल द्या. नाहीतर तुमचं काम संपलं."

बायको प्रयाग म्हणाली, "रडताय काय? जावा, सांगा त्यास्नी, खेळ संपला म्हनून."

तो गेला. लेण्यात हात जोडले. "मायबाप, खेळ संपला. आता घरी चला."

मग धोतरं झटकल्याचा आवाज. एकाचं नाही. खूप जणांची.

सयाजी धापा टाकत घरी पोचला, तर प्रयाग दारात थिजलेली. अंगणभर चपला. मातकट, जुन्या.

घरात कुणी नाही.

"तुमी काय म्हनला त्यास्नी?"

"घरी चला म्हनलो."

"अवो, जावा म्हनायचं व्हतं!"

"पावण्यांना जावा कसं म्हनायचं?"

कोपऱ्यात कुणीतरी खाकरलं...

सयाजीने घाईने पेटी ओढली. आणि बोटांतून नवी चाल निघाली! आठ वर्षांनी. डोळ्यांत पाणीच आलं त्याच्या.

घरभर कुणीकुणी सावरून बसलं.

प्रयाग त्याच्या कानाशी पुटपुटली, "लई ग्वाड हाय... पन संपवू नगा."

सोमवार कधीच होऊन गेला. दिग्दर्शकाने दुसरा माणूस घेतला.

परवा कळंबवरून गेलो. रस्त्यापर्यंत पेटी ऐकू येत होती.

मी गाडी थांबवली नाही.