छत्रीखालचा पाव अंश

ओव्हनचं दार उघडल्याचा आवाज झाला आणि ती हातातलं काम टाकून धावली.

चिपा तपासायचा ओव्हन होता तो. सकाळपासून आतलं तापमान जागेवर बसावं म्हणून तिने त्याच्याकडे नुसतं वाकडं बघायचीही सगळ्यांना मनाई केली होती. आणि आता एक उंच, विस्कटल्या केसांचा माणूस त्यात डोकं घालून उभा होता... घरचा फ्रिज उघडून खायला काय आहे ते बघावं तसा!

"अहो! काय चाललंय?"

"काही नाही... माझी चिप कशी आहे, बघत होतो."

"मजेत होती. तुम्ही येईपर्यंत." तिने दार धाडकन लावलं. "आता पुन्हा तासभर मुरू द्या तिला. उतावळा नवरा, गुडघ्याला बाशिंग!"

म्हण तोंडातून निसटली आणि तिने जीभ चावली. त्याचे कान लालबुंद झाले होते.

"बाशिंग नाही आणलं," तो म्हणाला, "पण तासभर थांबतो."

आणि खरंच थांबला. स्टूल ओढून बसला शहाण्या मुलासारखा.

तो वरच्या मजल्यावरचा डिझायनर. ती तळमजल्यावरच्या टेस्ट लॅबची इंजिनिअर. खरं तर लॅबची मालकीणच म्हणा, कारण तिच्या परवानगीशिवाय तिथे माशीही बसत नसे. त्याने केलेली चिप तापमान मोजणारी होती. तांदळाच्या दाण्याहून लहान. तान्ह्या बाळाच्या छातीवर चिकटवायच्या पट्टीत ती बसणार होती आणि शर्टाच्या बटणाएवढ्या सेलवर वर्षभर चालणार होती.

"एवढ्याशा विजेवर वर्षभर? कसं जमतं?" तिने विचारलं. राग अजून नाकावर होता, पण कुतूहल त्याच्यापुढे निघून गेलं.

"झोपते ती. क्षणभर डोळा उघडते, मोजते, की पुन्हा गुडुप. जास्त वेळ जागी राहिली तर स्वतःच तापते, आणि मग आपलाच ताप बाळाचा म्हणून सांगत सुटते."

"अगदी माझी आत्या! तिला थंडी वाजली की स्वेटर मी घालायचा."

तो इतका मोकळा हसला, की ओव्हनवरचा आकडा बघायला ती विसरली.

मग हे रोजचंच झालं. काम तसं साधं होतं. चिप आणि खात्रीचा थर्मामीटर एकाच धातूच्या ठोकळ्यात शेजारी शेजारी बसवायचे, दोघांचं तापमान एक होईपर्यंत वाट बघायची, आणि मग आकडे ताडून पाहायचे. वाट बघणंच जास्त. त्या वाट बघण्यात तिला कळलं, की त्याला अंधारात जिना उतरायची भीती वाटते. त्याला कळलं, की आईवडिलांच्या माघारी तिला आत्यानेच वाढवलंय. तो चहाचे दोन कप घेऊन यायचा आणि तिचा कप ओव्हनपासून दूर ठेवायचा. तिने कधी सांगितलं नव्हतं तरी! एवढ्याशा गोष्टीने माणूस आवडू लागतो का? लागतो बुवा.

आत्याच्या नजरेतून काही सुटत नसे. "हल्ली भांडी घासताना गुणगुणतेस," ती म्हणाली. "कोण आहे?"

"चिप आहे गं एक."

"तिला दाढी आहे का?"

सगळं सुरळीत चाललं होतं आणि शेवटच्या तपासणीला घोडं अडलं. ओव्हनमध्ये चिप शहाण्यासारखी वागायची, पण खिडकीजवळच्या उघड्या टेबलावर आली की पाव अंश जास्त दाखवायची. पाव अंश म्हणजे काय मोठंसं, असं तुम्हाआम्हाला वाटेल. पण त्या पाव अंशावर एखाद्या आईने मध्यरात्री डॉक्टरकडे धाव घ्यायची की नाही, हे ठरणार होतं.

गंमत म्हणजे, तो वाकून बघायला लागला की आकडा बरोब्बर यायचा.

"मालकाला ओळखते हो!" ती चिडवायची.

पण या आठवड्यात तो वाकेनासाच झाला. स्टूल भिंतीशी सरकवून लांब बसू लागला. बोलणं तुटक, नजर चुकवलेली. तिने चहा पुढे केला तरी "ठेवा तिथे" म्हणाला. तिला फार लागलं ते. कारणही तिने आपल्या मनाशी लावून टाकलं. चिप पास झाली तर ती बनवून घ्यायला त्याला दुसऱ्या शहरातल्या कारखान्यात जायचं होतं, पुरतं वर्षभर. नापास झाली तर नवं डिझाइन, नवी फेरी, म्हणजे तो इथेच. जाणारा माणूस आधीच मनाने निघून गेला असेल, असं तिला वाटलं.

अहवाल द्यायचा दिवस उजाडला. दुपारी ती आकड्यांकडे बघत बसली होती, तो भिंतीशी. खिडकीतून ऊन थेट टेबलावर आलं होतं. तेवढ्यात एक ढग सूर्यावरून सरकला... आणि चिपचा आकडा झपकन पाव अंश उतरला. थर्मामीटर मात्र ढिम्म हलला नाही. ढग गेला, आकडा पुन्हा वर.

उजेड!

नमुन्याच्या चिपेवर झाकण नव्हतं. आधीच तिच्या पोटात विजेची नुसती चिमूट, त्यात उजेडाने आपली चिमूट मिसळली की हिशेब चुकणारच. तो वाकायचा तेव्हा त्याची सावली पडायची. चिप मुळात निर्दोष होती.

तिचा हात पेनवर थांबला. गप्प राहिलं तर? "नापास" लिहायला एक क्षण पुरला असता, आणि तो राहिला असता. तिला हवा होता तो. इतका हवा होता, की तिचे डोळे भरून आले. मग तिला ती पट्टी डोळ्यांपुढे दिसली, श्वासागणिक वरखाली होणाऱ्या इवल्याशा छातीवरची.

ती उठली. खुंटीवरची आपली काळी छत्री घेतली आणि टेबलावर उघडली. आकडा उतरला, आणि उतरूनच राहिला.

"या इकडे. तुमची चिप पास आहे. उजेड लागत होता तिला."

तो आला. छत्रीखाली वाकला. पण चेहऱ्यावर ना आनंद, ना आश्चर्य... चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय!

"तुला माहीत होतं?" तिचं 'तुम्ही' कुठे गळून पडलं, तिलाही कळलं नाही.

"सोमवारपासून."

"म्हणून लांब बसत होतास? सावली पडू नये म्हणून?"

त्याने मान डोलावली. "पास झाली असती तर मला जावं लागलं असतं."

"अरे, बाळाच्या अंगावर चिकटणार आहे ती!"

"म्हणून तर आज सांगणार होतो." त्याने खिशातून काळ्या कागदाची चिमुकली टोपी काढली. चिपेच्याच मापाची, खिशात राहून राहून चुरगळलेली. "रोज घेऊन यायचो. रोज वाटायचं, अजून एक दिवस... मला तू आवडतेस. फार. हे सांगायला धीर झाला नाही, म्हणून माझी चांगली चिप मी बदनाम केली."

तिला रागही आला आणि हसूही. हसू आधी फुटलं.

"मीही आत्ता 'नापास' लिहिणार होते," ती हळूच म्हणाली.

तिने टोपी चिपेवर बसवली. आता छत्री मिटायला हरकत नव्हती. कोणी मिटली नाही.

"आकडा चढतोय बघ," तो पुटपुटला. "आपली ऊब."

"थर्मामीटरही चढतोय. दोघं बरोबरीने." तिने छत्रीखालूनच हात लांबवून अहवालावर 'पास' लिहिलं.

"एक वर्ष," तो म्हणाला. "मुरू द्यायचं? मधे दार न उघडता?"

"मुळीच नाही. सुट्टी मिळाली की यायचं. आणि आलास की सरळ दार उघडायचं."

"ओव्हनचं?"

"घराचं, वेड्या. आत आत्या असेल. ती स्वेटर देईल, तो मुकाट्याने घालायचा."