सारवलेली भिंत

दहिवलीच्या पुलावर त्याच्या कॅमेऱ्याच्या तिपाईत माझा पदर अडकला आणि टर्रकन फाटला. १९४६ साल, कापड रेशनवर, मी तापलेच.

“डोळे आहेत ना तुम्हाला?”

“आहेत… तुमच्याकडे लागले, म्हणून तर घोळ झाला.”

हा मुकुंद गुप्ते. नव्या चित्रकलेवर माहितीपट करायला, आधी पत्र टाकून, मुंबईहून आलेला. जयवंता पाटील या चित्रकार बाईंची भिंत कुठे, असं त्यानं मलाच विचारलं.

“मीच ती,” मी म्हटलं आणि त्याला घराकडे घेऊन निघाले.

ती भिंत आमच्या पडवीची. आर्ट स्कूलमधून शिकून आल्यावर मी महिनोन्‌महिने खपून तिच्यावर भातलावणीच्या बाया काढल्या होत्या – नुसत्या वाकलेल्या काळ्या रेघा, तोंडं नाहीत. भिंत उचलून कशी आणणार, म्हणून प्रदर्शनवाल्यांनी हात झटकले होते. आता फिल्मवर का होईना, माझं काम मुंबईला दिसणार होतं.

घरी पोचलो, तर चित्र नव्हतं. भिंत शेणामातीनं गुळगुळीत सारवलेली, आणि आई हात धूत होती.

“आई, हे काय केलंस?”

“मुंबयचा पावना येनार म्हनून सारवलं गं. ती बिनतोंडाची भुतं दावायची व्हय मानसांना?”

मला रडू नाही आलं, संताप आला. सण आला, सारवा. लग्न निघालं, सारवा. बाईनं केलेलं काही भिंतीवर टिकूच नये, आणि पुसणारे हातही बाईचेच! आईवर ओरडून झालं, मग त्याच्यावर.

“येणार म्हणून आधी कळवलंतच कशाला?”

“थांबतो मी… तुम्ही पुन्हा काढा,” तो हळूच म्हणाला.

“ती काय भाकरी आहे, करपली की दुसरी थापली?”

“नाही. पण हा राग तरी काढा.”

दुपारी भिंत सुकली आणि मी तो काढला. चुना, काजळी, गेरू. ब्रश टाकून दोन्ही तळव्यांनी. या वेळी बाया वाकल्या नाहीत, ताठ उभ्या राहिल्या. कॅमेरा घरघरत होता. रीळ संपलं तेव्हा थांबला.

“माझं तोंडही घेतलंत?”

“आमच्या हापिसाला तुमचा हसरा चेहरा हवा होता… नाही घेतला. भिंत घेतली, हात घेतले. चेहरा मला… लोकांत वाटून टाकायचा नव्हता.”

“माझा चेहरा वाटायचा की नाही, हे ठरवणारे तुम्ही कोण? मला विचारलंत?”

तो कानापर्यंत लाल झाला. “चुकलो. आता विचारतो… लग्न कराल माझ्याशी?”

आई दारातच थबकली. मला तो पुलावरच आवडला होता, आणि तो आवडला याचाही राग येत होता.

“मुंबईत तुमच्या खोलीत मोकळी भिंत आहे?”

“एक आहे… पण तिला कपाट लावलंय.”

“आधी ते हलवा. मग विचारायला या.”

पुढच्या रविवारी तो आला तेव्हा त्याच्या अंगठ्याला पट्टी होती. कपाट जड निघालं होतं. मी हो म्हटलं.